एका प्रतीचं मासिक

नरसीच्या तातेराव मास्तरांना लोक संपादक म्हणायचे, ते थट्टेनंच. ज्या मासिकाची महिन्याला एकच प्रत निघते त्याच्या संपादकाला आणखी काय म्हणणार? मास्तरांना मात्र त्यात थट्टा दिसत नसे. कुणी हटकलं, "काय संपादक, कुठं निघाले?" की टोपी सारखी करून ते गंभीरपणे सांगत, "पुढचा अंक जुळवून राहिलो."

त्याचं असं झालं. मास्तरांच्या शाळेत मराठीची इनमीन चार पुस्तकं होती, आणि त्यातल्या एकाचा उंदरांनी फडशा पाडला होता. निजामाचा कारभार उर्दूत, वरचं शिक्षण उर्दूत. मग लेकरांनी मराठी वाचायचं ते कुठून? मास्तरांनी मुलांचं मासिक छापायची परवानगी मागणारा अर्ज हैदराबादला धाडला. एक वर्ष गेलं, दुसरं गेलं, उत्तर काही येईना. तेव्हा ते बायकोला, नर्मदाबाईला म्हणाले, "छापायला परवानगी लागते. हातानं लिवायला कोणाच्या बापाची लागते?" आणि बोरू तासून बसले. ते साल होतं १९३४.

मासिकाचं नाव ठेवलं 'हुरडा'. चोवीस पानं, दोऱ्यानं शिवलेली. गोष्टी मास्तरांच्या, कोडी मास्तरांची आणि चित्रंही मास्तरांचीच. त्यांच्या चित्रातला बैल कुठला आणि म्हैस कुठली हे खालचं नाव वाचल्यावरच कळायचं. गोष्टींत मात्र माणूस पक्का होता. नोकरी सांभाळायची म्हणून अंकावर स्वतःचं नाव घालत नसत. संपादक म्हणून सही असायची 'बांधावरचा काका'. तो काका कोण, हे नरसीत सगळ्यांना ठाऊक होतं आणि सरकारदरबारी कोणालाच नव्हतं.

अंक फिरवायचं काम तांड्यावरच्या शंकरसिंगानं आपणहून घेतलं होतं. गावोगावचे बाजार तो करायचाच; पिशवीत मीठ-मिरचीच्या वर 'हुरडा' ठेवायचा आणि एका गावाचा वाचून झाला की दुसऱ्या गावाला पोचवायचा. महिन्याअखेरीला अंक परत मास्तरांच्या पेटीत यायचा. शेवटचं पान मास्तर मुद्दाम कोरं सोडत. वाचणाऱ्या प्रत्येक लेकरानं तिथं आपलं नाव, गाव आणि काकाला उद्देशून एक ओळ लिहायची, अशी त्यांनी रीतच घालून दिली होती. पुढच्या अंकात काका त्या प्रत्येकाला नाव घेऊन उत्तर द्यायचा. कुणाची शेळी व्याली, कुणाचा दात पडला, सगळ्याची दखल. आपलं नाव काकाच्या अक्षरात बघायला लेकरं महिनाभर वाट पाहत. एवढी मोठी चूक एवढ्या मायेनं कोणी केली नसेल.

त्या पानावर पहिलं नाव असायचं पुसेगावच्या सोनाजीचं. मंजुळाबाईचा एकुलता एक. आठ वर्षांचा होता तेव्हापासून तो शंकरसिंगाला गाठायला शिवेपर्यंत धावत जाई, कारण दुसऱ्या कोणाचं नाव आपल्या वर आलेलं त्याला खपत नसे. पोरगं मोठं झालं, मिसरूड फुटलं, नांगराला हात लागला, तरी 'हुरडा' सुटला नाही. गावातल्या बारक्यांना गोळा करून तोच अंक वाचून दाखवी. पुढे तो गोष्टीही लिहून पाठवायला लागला. सात पाठवल्या. मास्तरांनी सातही परत केल्या, प्रत्येकीवर तोच शेरा मारून: "दाणा भरला नाही." खरं तर तिसऱ्या गोष्टीपासूनच ते मनातून खूश होते. पण चांगलं म्हटलं की पोर शेफारतं, असं त्यांचं ठाम मत. संपादकपणाचा ताठा म्हणा हवं तर. आठवी छापू, म्हणजे आपल्या हातानं अंकात लिहू, असं त्यांनी ठरवूनही टाकलं होतं.

१९४८चा उन्हाळा आला. रझाकारांचा धुमाकूळ सुरू होता, माणसं घरंदारं सोडून पैनगंगेपलीकडे वऱ्हाडात जाऊन राहत होती. ज्याच्याकडे नावांची यादी सापडेल तो गुन्हेगार आणि ज्याचं नाव तिच्यात असेल तोही, अशी अवस्था. आणि आमचे मास्तर चौदा वर्षं दर महिन्याला याद्या गोळा करत बसलेले! त्यांना एकदाही उमगलं नाही. लेकरांच्या नावांना यादी म्हणतात हे त्यांना सुचणार कसं?

सेनगावच्या वाटेवर हत्यारबंद टोळीनं शंकरसिंगाची पिशवी हिसकली. तो निसटला आणि पुढं पुसेगावात काय झालं ते कळल्यावर काट्याकुट्यातून पळत नरसीला आला आणि मास्तरांच्या दारात मटकन बसला.

"मास्तर, अंक गेला. मागल्या पानावर एकतीस नावं व्हती. बाकी समदी बारकी लेकरं, धरून न्यायजोगं एकच. सोनाजीला घेऊन गेले हिंगोलीला. तिथून आलेला माणूस सांगत व्हता, विचारून राहिलेत, हे कोण लिवतो म्हणून."

"मंग? काय सांगितलं त्यानं?"

"माहीत न्हाई, इतकंच म्हणून राहिलाय."

मास्तर तसेच उठले, पायात जोडा अडकवला. तेवढ्यात नर्मदाबाईनं दार अडवलं. "अहो, जायचंच असल तर जा. पर पेटीत समद्या गावच्या लेकरायची नावं हायेत. तुमाला धरल्यावर ते हिथंच येतील न पहिले?"

बाईचं म्हणणं चुकीचं नव्हतं. मास्तरांनी पेटी उघडली. वाटलं, शेवटची पानं तेवढी फाडू आणि निघू. पण फाडता फाडता ध्यानात आलं, नावं शेवटच्याच पानावर कुठं होती? काकाच्या उत्तरांत होती, कोड्यांत होती, चित्रांखाली होती. मग एकेक पान उलटून बघणं आलं. जिथं नाव नाही ते पान बाजूला, जिथं आहे ते चुलीत. त्या पानांवरच्या आपल्याच गोष्टी वाचवायचा मोह मास्तरांना आवरेना. दोन-तीन ठिकाणी तर ते वाचत बसले. वाचत बसले, देवा! दुपार टळली तेव्हा नर्मदाबाईनं त्यांच्या हातातला गठ्ठा ओढून घेतला आणि सगळाच्या सगळा 'हुरडा' न्हाणीच्या चुलवणात घातला. तोवर ऊन कलंडलं होतं. रात्री वाटेवर टोळ्या फिरत, म्हणून मास्तर दुसऱ्या दिवशी सकाळी निघाले.

हिंगोली अजून कोसभर असताना समोरून पुसेगावची बैलगाडी आली. गाडीत घोंगडीखाली सोनाजी होता. बरोबरचे म्हणाले, काल सांजच्याला गेला. मास्तर मागं वळले आणि गाडीच्या मागोमाग पुसेगावपर्यंत चालत गेले. दुपारीच निघाले असते तर पोरगं वाचलं असतं की दोघेही गेले असते, ते कोणी सांगू शकणार नाही. मास्तरांनी मात्र स्वतःला उत्तर देऊन टाकलं होतं, आणि त्यात मरेपर्यंत बदल केला नाही.

भाद्रपदात पोलिस ॲक्शन झाली, निजामाचं राज्य संपलं, नदीपलीकडे गेलेली माणसं परतली. दिवाळीनंतर छापखानेवाला एक भला गृहस्थ हिंगोलीहून मास्तरांना शोधत आला. आता परवानगीची कटकट राहिली नव्हती, जुने अंक द्या, पुस्तक काढू, म्हणाला. मास्तरांनी त्याला चहा पाजून वाटेला लावलं. मग ते पुसेगावला मंजुळाबाईकडे गेले आणि तो काका मीच, हे कधीच सांगायला हवं होतं ते त्यांनी सांगितलं. अंक जाळल्याचं सांगितलं. दुपार वाया घालवली तेही.

मंजुळाबाई ज्वारी निवडत होती. निवडतच राहिली. मग एक खडा बाजूला टाकून म्हणाली, "माझ्यापाशी त्याचा फोटू न्हाई, काई न्हाई. गोष्टी लिवलेल्या कागदाचं भेंडोळं व्हतं, ते घराची झडती घेतली तवा घेऊन गेले. म्या म्हणलं, तुमच्यापाशी तरी त्याच्या हातचं काई असल. बरं, कागुद न्हाई तर न्हाई. काय लिवायचा ते तरी सांगा, गुरुजी. मला वाचता येत न्हाई, आन् मला दाखवायला तो लाजायचा."

मास्तरांनी आठवून पाहिलं. सोनाजीच्या सात गोष्टींतली एक तरी. निदान चौदा वर्षांतली एक ओळ. काही म्हणता काही आठवेना. आठवत होता फक्त स्वतःचा शेरा. आणि स्वतःच्या गोष्टी मात्र शब्दन् शब्द पाठ. माणसानं आपल्या आयुष्यभराच्या कामाकडं पाहावं आणि त्याची शिसारी यावी, तसं त्यांना झालं.

बाई वाट पाहत होती. शेवटी ते आपलीच एक गोष्ट सांगायला लागले. एक बाभूळ असते. तिला वाटतं, आंब्याला पोरं झोके बांधतात, वडाला बाया दोरा गुंडाळतात, आपल्याला मात्र सगळे वळसा घालून जातात. मग एक दिवस एक सुगरण येते आणि म्हणते, बाई, मला तुझ्याकडंच राहू दे. तुझे काटे आहेत म्हणून माझ्या पिलांना निवांत झोप लागेल.

मंजुळाबाईचे हात थांबले. तिनं पदर डोळ्यांना लावला. रडता रडता तिला हसू आलं.

"हे सोनाजीनं लिवलं?"

"व्हय," मास्तर म्हणाले.

"लई गोड लिवायचा वो माझा पोरगा."

"लई गोड."

"मंग तुमी त्याला कदी म्हणले व्हते का, गुरुजी? चांगलं लिवतोस म्हणून?"

तेवढं खोटं मास्तरांच्यानं बोलवलं नाही. "न्हाई," ते म्हणाले. "म्हणायचं ऱ्हाऊन गेलं."