देवा, तूच जरा गप्प राहा

देवाच्या नावाचा मला कधी त्रास होईल, असं वाटलं नव्हतं. यांना अर्धांगवायूचा झटका आला, वाचा गेली, आणि मी रोज सकाळी यांना रिक्षाने तळजाईच्या टेकडीवर नेऊ लागले. घरात हे भिंतीकडे बघत पडून असत. मला ओळखतात की नाही, तेही कळेना. टेकडीवर मात्र तांबट पक्ष्याची टुकटुक कानावर आली की यांच्या डाव्या हाताचं बोट हळूच वर व्हायचं आणि नजर माझ्याकडे वळायची. ‘ऐकलंस का?’ आमच्या संसारात आता बोलणं उरलं होतं ते एवढंच.

लग्नानंतर आम्ही इथे फिरायला यायचो, तेव्हाही हे असंच बोट वर करायचे. पण मी भजन म्हणत असे, तेही वरच्या पट्टीत! देव ठार बहिरा आहे, अशीच माझी समजूत असावी. टेकडीवरचे निम्मे पक्षी माझ्या भक्तीपायीच सासवडला गेले असतील.

मग आमच्या बाकाजवळ व्यायामाला एक गट येऊ लागला. माणसं भली, पण स्पीकरवर मोठ्याने स्तोत्रं लावायची. यांचं बोट वर होईना. हे तिथेही भिंतीसमोर बसल्यासारखे बसू लागले. बंद करा म्हणावं, तर देवाचं नाव! कुठल्या तोंडाने सांगू? एके दिवशी डोळे मिटले आणि रडतच म्हटलं, “देवा, तूच जरा गप्प राहा रे.”

डोळे उघडले तर यांच्या शेजारी माझ्याच वयाचे एक गृहस्थ उभे होते, डोक्यावर जाळीची टोपी. हे बघत होते त्याच झाडीकडे तेही एकटक बघत होते. त्यांना पाहून फिरायला आलेली एक मुलगी थांबली, मग आणखी दोघं-तिघं. गटातले एक काका लगबगीने आले.

“काय हो, बिबट्या आहे का?”

“नाही साहेब. हे काहीतरी ऐकतायत, म्हणून मीपण ऐकतोय.”

“कमाल आहे! बिबट्या नाही, तर गर्दी कशाला?” असं म्हणत काका परत फिरले, पण स्पीकर त्यांनीच बंद केला. वर बायकोला दटावलं, “अगं, तूपण गप्प बस.”

एवढी माणसं, पण कुणी बोललं नाही. वाळकी पानं सरकल्याचं ऐकू येत होतं. मग लांबून टुक, टुक. यांचं बोट वर झालं. सगळ्यांनी झाडीकडे पाहिलं, यांनी माझ्याकडे.

तेच शेवटचं. नंतर यांनी अंथरूण धरलं, आणि पावसाळ्याआधी गेले. ते गृहस्थ पुन्हा दिसले नाहीत. नाव विचारायचंही राहिलं. देव आला होता, असं मी म्हणत नाही. यांची वाचा परत दे म्हणून मी त्याच्या मागे लागले होते. ती मिळाली नाही. अनोळखी माणसांनी आमच्यासाठी धरलेलं थोडं मौन मिळालं, आणि त्यातच मी भरून पावले.

काका आता सगळ्यांना व्यायामाआधी थोडा वेळ निमूट बसवतात. मीही त्यांच्यात बसते. एकटीने ऐकायला अजून जमत नाही. तेही देवावरच सोपवलं आहे.