ग्रीक बायका आणि माझी मावशी

मी ग्रीक शोककवितेची डॉक्टर आहे. ग्रीक मला येत नाही. माझ्या मार्गदर्शक सरांनाही येत नव्हती, त्यामुळे आमच्यात कधी मतभेद झाले नाहीत. इंग्रजी भाषांतरं वाचायची, त्यांवरची इंग्रजी पुस्तकं वाचायची आणि मग मराठीत असं काही लिहायचं की परत विचारायची कुणाची हिंमत होऊ नये, ही आमची संशोधनपद्धती होती. तोंडी परीक्षेला बाहेरून आलेल्या परीक्षकांनी एकच प्रश्न मनापासून विचारला. इकडे चांगली संत्री कुठे मिळतात? मी आर्वी तालुक्यातली, मला उत्तर पाठ होतं. पदवी मिळाली.

तेव्हापासून देवळीजवळच्या आमच्या कॉलेजात मी ‘ग्रीकवाल्या मॅडम’. सोयाबीन काढणीला आलं की वर्गात चार मुली उरतात. त्यांना मी सांगते की ग्रीसमध्ये बायका मेलेल्या माणसापाशी बसून गाऊन रडत आल्या आहेत. जुन्या नाटकांतल्या राण्या तशा रडतात आणि अगदी आपल्या काळापर्यंत डोंगरातल्या खेड्यांतल्या म्हाताऱ्याही तशाच रडत. मेलेल्याशी थेट बोलतात, त्याला रागावतात, त्याची उणीदुणी काढतात. एरवी जे बोलायची चोरी, ते रडताना बोलून घेतात. पुढे शहरातल्या शहाण्या पुरुषांना हा कालवा सहन होईना, तेव्हा त्यांनी कायदे करून बायकांच्या रडण्याला आवर घातला. माझ्या प्रबंधाचं तिसरं प्रकरण या पुरुषांवर आहे. चाळीस पानं मी त्यांना झोडपलं आहे. ते कधीचेच मेलेले असल्यामुळे कुणी खुलासा पाठवला नाही.

मागच्या वर्षी आमच्या गावी, रोहण्याला, आई वारली.

आईची धाकटी बहीण, माझी मावशी, शेजारच्याच गल्लीत राहते. नवरा लवकर गेला, मूलबाळ नाही. आमच्याकडे हेल काढून रडतात, आणि त्यात मावशीचा हात धरणारी आसपासच्या चार गावांत कुणी नव्हती. कुणी गेलं की तिला निरोप यायचा. मला याची लहानपणापासून लाज वाटायची. शहरात शिकायला गेल्यावर, मावशी भजनं म्हणते, असं मी मैत्रिणींना सांगत असे.

आईला अंगणात ठेवलं होतं. मावशी आली, उशाशी बसली, आईच्या कपाळावर हात ठेवला आणि सुरू झाली.

“बाई माही व, उठ न व. तुहं हिरवं लुगडं मी नेलं त वरीसभर बोलली नाई व तू माह्याशी. आता कोणाशी भांडू व बाई.”

बायका रडता रडता हसल्या. मीही हसले असावे. मावशीचा आवाज वर चढला.

“गिरडची टेकडी चढली व तू, अनवाणी चढली. दर्ग्यापुढं पदर पसरला पोरीसाठी. पोरीले नाई सांगतलं व, काऊन चढली ते. मले सांगतलं फक्त. बाई माही व, त्या दिवशी तू...”

त्याच क्षणी फाटकाशी गाडी थांबली. प्राचार्य उतरले, मागून आमचा स्टाफ. इस्त्रीचे कपडे, हातात हार. मला एकदम आमचं अंगण दिसलं, शेणाचा सडा, उघड्या डोक्यानं छाती पिटणारी मावशी. मी तिच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, “मावशी, पुरे आता. लोक आलेत.”

नळ बंद करावा तशी ती थांबली. डोक्यावर पदर घेतला आणि भिंतीकडे सरकून बसली. प्राचार्यांनी हार वाहिला, दोन मिनिटं सगळे चपलांकडे बघत उभे राहिले. अतिशय शिस्तीत झालं सगळं. स्टाफच्या ग्रुपवर सगळ्यांनी एकच श्रद्धांजली पुढे पाठवली. एकानं घाईत वाढदिवसाचा केक टाकला आणि काढून घेतला. सुसंस्कृत शोक म्हणतात तो हाच.

यंदा एका चर्चासत्राचं बोलावणं आलं. विषय माझाच, शोकगीतांची परंपरा. नवीन काही लिहायचा कंटाळा, म्हणून तिसरं प्रकरण काढून वाचायला बसले. पहिल्या दोन पानांतच मी स्वतःला भेटले. त्या शहाण्या पुरुषांना निदान कायदा करावा लागला होता, सभा भरवावी लागली होती. माझं काम चार-पाच शब्दांत झालं होतं. प्रबंध मिटला आणि रडले, पण तेही दार लावून, हळू आवाजात.

आई गिरडला माझ्यासाठी का गेली होती? मी आजारी होते? की मी नकोच होते आणि ती माफी मागायला गेली होती? रविवारी एसटी पकडून रोहणा गाठलं.

मावशी ओट्यावर तूर निवडत होती. मी सरळच विचारलं.

“ते नाई सांगता येत,” ती म्हणाली. “तुह्या मायची शपथ हाये.”

“पण त्या दिवशी तर तू सगळ्यांसमोर सांगणार होतीस.”

“रडतानी चालते. रडनाऱ्याले शपथ नाई लागत.”

हे वाक्य माझ्या प्रबंधात आहे. माझं जरा जास्त लांब आहे, आणि खाली दोन तळटीपा आहेत.

“मग आता रड ना,” मी म्हणाले. हे म्हणणारी बाई विद्यापीठाची मान्यताप्राप्त मार्गदर्शक आहे.

मावशीनं सूप खाली ठेवलं. “कोनाले पाहून रडू? माय नाई समोर. तुले सांगासाठी नोयतं ते, तिले सांगासाठी होतं.”

ती रागावली नव्हती, त्यानं जास्तच लागलं. सूप परत उचलत तिनंच विचारलं, “मी मेली त तू रडशीन न माह्यासाठी?”

“हो, मावशी.”

“हेल काढून?”

“हो.”

“मंग काय काय सांगशीन माह्याबद्दल?”

विचारताना तिचा चेहरा अगदी उत्सुक होता, परीक्षेचा निकाल ऐकायला आल्यासारखा. मी आठवू लागले. ग्रीसमधल्या डोंगरातल्या म्हाताऱ्यांबद्दल मी तासभर बोलू शकते, कागदाकडे न बघता. मावशीबद्दल मला एवढंच आठवलं की ती पाटवडी चांगली करते. ते मी बोलले नाही. ती वाट बघत बसली होती.