मास्तरांचा हात आणि सहा घरं

मास्तरांचा टायपिंग क्लास वरच्या मजल्यावर आणि माझं शिंपीकामाचं दुकान बरोबर त्याच्या खाली. म्हणजे आयुष्यभर माझ्या डोक्यावर अक्षरं पडत होती, असं म्हटलं तरी चालेल. वर वीसेक यंत्रं एकदम वाजायला लागली की माझ्या मशीनची पायटी आपोआप त्याच ठेक्यावर चालायची. मास्तर टेबलावर लाकडी पट्टी आपटत फिरायचे. ठक, ठक, ठक. एका ठोक्याला एक अक्षर. नवीन गिऱ्हाईक दचकून वर बघायचं. मी म्हणायचो, “घाबरू नका, विद्या चालू आहे.”

क्लासच्या भिंतीवर त्यांनी स्वतः रंगवलेली एकच ओळ होती : यंत्र चुकत नाही, बोट चुकतं.

या ओळीवर त्यांची श्रद्धा इतकी की काय सांगू! एकदा एका पोराने तक्रार केली, “सर, हे बटण अडकतंय.” मास्तर टेबलापाशी आले. त्याला उठवलं, स्वतः बसले, त्याच यंत्रावर पानभर मजकूर खाडखाड उतरवला, त्या बटणासकट सगळा. कागद त्याच्या हातात दिला आणि म्हणाले, “आता सांग, कोण अडकतंय?” पोरगं खाली मान घालून निघून गेलं. गंमत म्हणजे बटण खरंच अडकत होतं. मास्तरांनीच मला सांगितलं. जरा जोर लावला, म्हणाले. पण पोराला ते कधी कळू दिलं नाही. असा माणूस.

पुढे संगणक आला. निम्मी यंत्रं भंगारात गेली आणि त्यांच्या जागी ट्रंकेएवढा एक डबा टेबलावर येऊन बसला. त्याच्यात एक खेळ होता. काळ्या पडद्यावर खाली ओळीने सहा घरं, वर चंद्र. वरून एकेक अक्षर पडायचं. जमिनीला टेकायच्या आत तुम्ही ते बटण दाबलं तर अक्षर विरून जायचं. नाही दाबलं तर ज्या घरावर पडेल ते घर धप्पकन खाली. सहा घरं पडली की खेळ संपला. पोरं त्या खेळासाठी क्लासला यायची आणि टायपिंग शिकून जायची. मास्तरही दार लावून खेळायचे. मला खाली ऐकू यायचं. बराच वेळ शांतता, मग एखादं धप्प, मग मास्तरांचं “अरेरे.” दुसऱ्याचं घर पडल्यासारखं हळहळायचे.

मग क्लासही बंद झाला. सगळी दुनिया फोनवर अंगठ्याने लिहायला लागली. मास्तर म्हणाले, “शिंपी, पुन्हा अंगठेबहाद्दरांचं राज्य आलं बघ.”

मास्तरांचा मुलगा जहाजावर, वर्षातला बराचसा काळ पाण्यावर. घर वरच्याच मजल्यावर, क्लासला लागून; घरात मास्तर आणि सून. ही सून त्यांचीच विद्यार्थिनी, आता न्यायालयात टायपिस्ट. तिचा हात इतका सफाईचा की मास्तरांनी मुलासाठी मुलगी बघितलीच नाही, बोटं बघितली, असं गल्लीत म्हणायचे.

एका सकाळी शर्टाची बटणं लावता लावता मास्तरांचा उजवा हात खाली पडला. पडला तो पडलाच. जीभ वाचली, पाय आठवड्याभरात सावरला, पण हात लोंबत राहिला. डॉक्टर सुनेला बाजूला घेऊन म्हणाले, “बोटं परत यायची तर या पहिल्या काही महिन्यांतच येतील. रोज हलवली पाहिजेत. नंतर जेवढं उरेल तेवढं उरेल.” भिंतीपलीकडे मास्तरांनी ते सगळं ऐकलं.

व्यायाम शिकवायला एक बाई यायच्या. त्यांनी मऊ रबरी चेंडू दिला. मास्तरांनी तो डाव्या हाताने खिडकीतून बाहेर फेकला. “चेंडू तोंडात धरून आणायला मी कुत्रा आहे का?”

बाई शहाण्या होत्या. रागावल्या नाहीत. म्हणाल्या, “बरं, चेंडू राहू द्या. तुमच्या हाताला आयुष्यभर काय येत होतं? तेच करायला लावा त्याला.”

मास्तरांनी कपाटाकडे बघितलं. मग म्हणाले, “सूनबाई, तो घरांचा खेळ लावून दे. नुसत्या उजव्या हाताने खेळेन.”

लावून दे म्हणणं सोपं. ट्रंकेएवढा डबा केव्हाच जळला होता. चालू करताच एकदा धूर निघाला आणि तो निवांत झाला. घरात सुनेचा नवा संगणक होता, पाटीसारखा पातळ. खेळाची तबकडी मास्तरांनी कपाटात जपून ठेवली होती, पण नव्या संगणकाला ती घालायला तोंडच नव्हतं.

मग आला उंदीरमामा. हाही मास्तरांचाच जुना विद्यार्थी, आता संगणक दुरुस्त करतो. खिशात कायम एखादा माऊस आणि त्याची वायर बाहेर लोंबणारी, म्हणून हे नाव. केस पांढरे झाले, पोरी लग्नाला आल्या, तरी मास्तरांसमोर उभा राहिला की हात मागे बांधतो.

त्याने भंगारवाल्याकडून तबकडी वाचणारा जुना खोका पैदा केला, खेळ उतरवून घेतला. नवा संगणक म्हणाला, हा कार्यक्रम इथे चालणार नाही. झालं! संध्याकाळी स्वतःचं दुकान बंद केलं की स्वारी मास्तरांच्या घरी हजर. कधी पडदा नुसता काळा, कधी आवाज येई पण चित्र नाही. कधी चित्र येई ते पोस्टाच्या तिकिटाएवढं. मी चहाला वर गेलो की विचारायचो, “काय रे, डोंगर पोखरून काय निघालं?” तो म्हणायचा, “काका, अजून पोखरतोय. उंदीर तर मीच.”

अखेर एके दिवशी चित्र आलं. सहा घरं, चंद्र, सुरुवातीचं टुणटुण संगीत, सगळं जसंच्या तसं. उंदीरमामाचं बोट खेळ सुरू करायच्या बटणापर्यंत गेलं आणि तिथेच थांबलं. क्लासमध्ये पद्धत होती, नवीन यंत्र आलं की पहिलं बटण मास्तर दाबणार. त्यांच्याआधी कोणी बोट लावायचं नाही. त्याने हात काढून घेतला, खुर्ची पुसली आणि म्हणाला, “सर, पहिलं बटण तुमचं.”

मास्तरांचे डोळे भरले. पण ताठा कुठे जातो! “सगळे बाहेर व्हा. दार ओढून घ्या. तमाशा नाही हा.”

आम्ही बाहेर झालो. उंदीरमामा मोठ्या समाधानाने आपल्या घरी गेला, मी खाली आलो. थोड्या वेळाने वरून आवाज आला. धप्पधप्पधप्प, जिन्यावरून बटाट्याचं पोतं सुटावं तसा. मला वाटलं, वा, मास्तर भलतेच रंगात आले! त्यानंतर तो आवाज दोन-तीनदा आला. मग काही नाही.

पुढचे कितीतरी दिवस काहीच नाही.

मास्तरांनी हात शालीखाली ठेवायला सुरुवात केली. सून विचारी, “खेळ कसा चाललाय, बाबा?” “चाललाय.” व्यायामाच्या बाई आल्या की झोपेचं सोंग. उंदीरमामा रस्त्यात भेटला की विचारी, “सर खेळतात ना?” मी म्हणायचो, “हो, आवाज येत होता.” आता आवाज येत नाही हे माझ्या लक्षात आलं होतं, पण माणूस दमला असेल, म्हटलं. डॉक्टरांनी सांगितलेले महिने मात्र कोणासाठी थांबत नव्हते.

एका दुपारी मी मास्तरांचा उसवलेला सदरा शिवून घेऊन वर गेलो. ते आतल्या खोलीत कॉटवर, भिंतीकडे तोंड करून. सून सुट्टी घेऊन घरीच होती.

“बाबा, थोडा वेळ बसा ना खेळायला. बाई उद्या मला बोलतील.”

“लहान मुलांचा खेळ आहे तो. मला नको.”

“तुम्हीच मागितला होता!”

“मागितला. आता नको म्हणतोय. माणसाला नको म्हणता येत नाही का या घरात?”

“येतं की!” ती भडकली. “तुम्हालाच येतं, दुसऱ्या कोणाला येत नाही. तो बिचारा रोज राबत होता, ते काय खुर्चीवर धूळ बसायला?” आणि रागारागाने बाहेरच्या खोलीत जाऊन ती स्वतःच त्या खुर्चीवर बसली. लग्न होऊन इतकी वर्षं झाली, पण मास्तरांच्या खुर्चीवर ती पहिल्यांदाच बसली. खेळ लावला, बटण दाबलं.

धप्पधप्पधप्प. बटाट्याचं पोतं.

मी सदरा हातात धरून दारात उभा. आत कॉट करकरली. मास्तर उठून बसले होते.

“कोण बसलंय?”

“मी.”

“किती पडली?”

सून पडद्याकडे बघत राहिली. “सगळी.”

“पुन्हा लाव.”

धप्पधप्पधप्प.

“बाबा,” ती आतल्या दाराकडे वळली. तिचा आवाज एकदम खाली आला होता. “अक्षर दिसतच नाही हो. डोळा मिटायच्या आत खाली. हा असाच होता का? तुम्ही बसायचात तेव्हाही असंच व्हायचं?”

 मास्तरांनी डाव्या हाताने उजवा हात शालीतून बाहेर काढला आणि मांडीवर ठेवून त्याच्याकडे बघत राहिले. लेकरू विनाकारण मार खाऊन आलं की बाप बघतो ना, तसे.

“मला वाटलं, हा मेला,” ते म्हणाले.

“पण तुम्ही विचारलं का नाही? एका शब्दाने?”

“काय विचारणार? आयुष्यभर पोरांना सांगितलं, यंत्र चुकत नाही. मग आता काय, माझ्या वेळेला यंत्र चुकलं म्हणू?”

उंदीरमामाला बोलावलं. तो आला, खेळ लावून बघितला आणि मटकन खालीच बसला. मग त्याने आम्हाला समजावलं. त्या जुन्या खेळाला स्वतःचं घड्याळ नाही. यंत्र जेवढं पळेल तेवढी अक्षरं पळणार. जुना डबा बैलगाडी होता, हा नवा संगणक वारा प्यालेला घोडा. “एकदा नुसतं खेळून बघितलं असतं, सर. एकदा. पण तुमच्या आधी बोट कसं लावू?”

“नाही लावलंस ते माझंच शिक्षण,” मास्तर म्हणाले. “ऊठ. नाक पूस. घोड्याला लगाम आहे का ते बघ.”

लगाम होता. नव्या संगणकाला जुनं असल्याचं सोंग घ्यायला लावणारा एक कार्यक्रम असतो, त्यात वेग कमीजास्त करता येतो. उंदीरमामा आणि सून स्वयंपाकघरात काहीतरी कुजबुजले. मला अंदाज आला, पण मी तोंड उघडलं नाही. मास्तर बसले. या वेळी कोणाला बाहेर काढलं नाही. अक्षर निघालं, पिसासारखं तरंगत तरंगत खाली आलं. मास्तरांचं बोट थरथरत गेलं, बटण दाबलं. अक्षर विरलं. दुसरं. तिसरं. सून तोंडावर पदर धरून उभी. सगळी घरं शाबूत.

मास्तरांनी हात काढून घेतला.

“हा कोणाचा खेळ आहे?”

“तुमचाच, सर.”

“माझा नाही. हा आजाऱ्याचा आहे. मला फसवून माझा हात बरा करणार तुम्ही?”

दोघांच्या माना खाली. मास्तरांनी डाव्या हाताची बोटं टेबलाच्या कडेवर ठेवली आणि ठोके द्यायला लागले. ठक, ठक, ठक. पट्टी नव्हती, क्लास नव्हता, समोर पोरं नव्हती, पण ठोका तोच. माझा उजवा पाय जमिनीवर आपोआप हलायला लागला. इतक्या वर्षांची पायटी, ती कशी विसरेल?

“या ठोक्याला एक अक्षर पडायचं. आण इथपर्यंत.”

उंदीरमामा वेग वाढवत गेला. मास्तर ठोके देत बसले. “अजून… अजून… जास्त झालं, मागे घे… हं.” अक्षर आणि ठोका एकत्र पडले, तसे ते थांबले.

“आता बाजूला व्हा.”

खेळ सुरू झाला. पहिलं अक्षर गेलं. दुसऱ्याला बोट पोचेपर्यंत घर पडलं. करंगळी आणि तिच्या शेजारचं बोट जागचं हलेना. त्या बोटांकडचं प्रत्येक अक्षर सरळ खाली येत होतं, एकेक धप्प होत होतं, आणि कोणी “अरेरे” म्हणत नव्हतं. मधलं बोट आणि तर्जनी मात्र जात होती. उशिरा, वाकडी, पण जात होती. ती दोन बोटं पुढे मास्तरांची झाली. बाकीची कधीच आली नाहीत. वाया गेलेल्या त्या दिवसांत ती आली असती की नाही, हे डॉक्टरांनाही सांगता आलं नाही, आणि उंदीरमामाने ते विचारायचं कधी सोडलं नाही.

त्या दिवशी पाच घरं पडली. सहावं वाचवता वाचवता मास्तरांच्या कपाळावरून घाम डोळ्यात उतरला. तो पुसायला गेले, तेवढ्यात तेही गेलं. पडद्यावर खेळ संपल्याची पाटी आली. आम्ही तिघं बघत उभे, आता काय म्हणतात म्हणून.

“हरलो,” मास्तर म्हणाले. आणि किती महिन्यांनी हसले! “सूनबाई, चहा टाक. कप मी याच हाताने धरणार आज.”

“बाबा, सांडेल.”

“सांडू दे. शिंपी आहे ना समोर, नवा सदरा शिवेल.”

सांडलाच. निम्मा सदऱ्यावर, निम्मा बशीत. बशीतला ते सावकाश प्यायले, आणि रिकामा कप तसाच दोन बोटांत धरून बसले.