पडद्याची दोरी

अमेरिकेत, मॉरिसव्हिलला आमच्या शेजारी एक नायजेरियन काका लेकीकडे राहायला आले. त्यांनी आपल्या देशात चाळीस वर्षं रंगभूमी आणि सिनेमा गाजवला होता. आमच्या मराठी मंडळाचं गणपतीतलं नाटक मी बसवत होतो आणि नायकही मीच होतो, म्हणून मोठ्या कौतुकाने त्यांना तालमीला घेऊन गेलो. अध्यक्षांनी त्यांना एकच प्रश्न विचारला, "हॉलिवूडमध्ये काय केलंय?" काही नाही म्हटल्यावर त्यांच्या हातात पडद्याची दोरी दिली. मीही लगेच तालीम सुरू केली.

आमची नाटकं म्हणजे आनंदच! पाठांतराला वेळ कुणाला आहे? प्रत्येकाला जॉब आहे, मुलांचं सॉकर आहे. तालमीचा निम्मा वेळ समोसे कोण आणणार या चर्चेत जातो. प्रयोगाच्या दिवशी मी तर माझे संवाद फोनवर उघडून फोन पूजेच्या ताटात फुलांखाली लपवला होता. ऐन प्रवेशात तो लॉक झाला. मी हात जोडून नुसता देवाकडे बघत उभा! प्रेक्षकांत हशा पिकला. अध्यक्ष समोरच्या विंगेतून काकांना खुणा करत होते, पडदा पाडा म्हणून. काका दोरी धरून शांत उभे.

प्रयोग कसाबसा संपल्यावर मी त्यांच्यावरच भडकलो. "मी अडकलोय हे दिसत नव्हतं का? पडदा का नाही पाडलात?"

त्यांनी दोरी खुंटीला नीट गुंडाळली.

"मला वाटलं, तू नट आहेस."