बिनआवाजाचा पंखा
परवा खारघरला मोबाइल दुरुस्तीच्या दुकानासमोरून जाताना सोल्डरिंगच्या धुराचा वास आला आणि आमच्या फ्लॅटमधली ती दुपार आठवली. नवरा तेव्हा घरूनच काम करायचा. त्याच्या कॉम्प्युटरचा पंखा सारखा घोंघावायचा, इतका की ऑनलाइन मीटिंगमधले लोक वैतागायचे. लग्नाआधी मी इलेक्ट्रॉनिक्समध्येच नोकरी करत होते. मी आर्डुइनोचा, म्हणजे प्रोग्राम भरता येणारा, छोटा बोर्ड मागवला, त्याला तापमानाचा सेन्सर जोडला आणि कॉम्प्युटर जेवढा तापेल तेवढ्याच वेगाने पंखा फिरेल असा प्रोग्राम लिहिला. सोल्डरिंग करताना बोटांना चटके बसले, पण खोली अशी शांत झाली की खालच्या बागेतली पोरं ऐकू यायला लागली. त्या दुपारी मी चहा घेऊन आत गेले, तेव्हा स्क्रीनवरून त्याचे साहेब विचारत होते, "आज आवाज नाही, काय केलंस?" "काही नाही सर, सुट्टीत बसून एक सर्किट बनवलं," नवरा म्हणाला. मीटिंग संपल्यावर मी विचारलं, "माझं नाव का नाही घेतलंस?" तो हसला. "अगं, बायकोने केलं म्हटलं तर कोणाला खरं वाटणार? आणि ऐक ना, सरांनाही एक हवंय. तुला काय, वेळ असतोच." मी तेही बनवून दिलं. साहेबांच्या बायकोने नवऱ्याचं कौतुक म्हणून काजूकतली पाठवली. ती बशीत काढून त्याच्यापुढे मीच ठेवली. आता आम्ही वेगळे राहतो. लोक कारण विचारतात आणि हे सांगितलं की म्हणतात, "एवढ्यावरून?"