सईची वही

परवा फ्रीगंजमध्ये पुस्तकांच्या दुकानात एक जपानी चित्रकथा उघडली, तर काउंटरवरची मुलगी हसली, "अंकल, ये पीछे से शुरू होती है." त्या ताज्या शाईच्या वासात मला सईची वही आठवली.

सई माझी मुलगी; दहावीत असताना तिने त्या वहीत तसलीच चित्रकथा काढली होती. मी ती आपल्या पद्धतीने पुढून चाळली. मुलगी आईला बिलगते, मग फाटकाशी येते, शेवटी बसमध्ये. मला वाटलं, पोरगी पळून जायचा बेत करतेय. तिच्यासमोरच मी वही फाडली.

"बाबा, तुम्ही उलटी वाचलीत," ती रडत म्हणाली. मला तो बहाणा वाटला आणि मी तिला थोबाडीत मारली.

त्या चित्रांतली मुलगी घरी परत येत होती, हे परवा कळलं. सई बारावीनंतर गेली ती आलीच नाही. कुठे असते, तेही आता कुणी सांगत नाही.