आप्पांच्या पुस्तकातली पंगत

कुणी एकटं जेवायला बसलं की आप्पा बेचैन होत. माजलगावजवळच्या आमच्या साखर कारखान्याच्या गेस्टहाऊसवर ते आचारी होते, मी भांडारात कारकून. पाहुणा साहेब असो की ड्रायव्हर, आप्पा आपली भाकरी घेऊन त्याच्यासमोर बसायचेच. "एकट्यानं खाल्लेलं अंगाला लागत न्हाई," म्हणायचे. चेअरमनना हे खपत नसे. आप्पा "हो जी" म्हणत आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा बसत.

परदेशी यंत्रं आपल्याकडे नुकती येऊ लागली होती. तशाच एका यंत्राबरोबर एक जपानी इंजिनिअर आला. त्याला मराठी येईना, आप्पांना इंग्रजी. पण पिठलं-भाकरीवर दोघांचं जमलं. एके दिवशी त्यानंच चूल ताब्यात घेतली आणि घरून आणलेल्या सामानाचं सार करून आप्पांपुढे वाटी ठेवली. यात काय आहे, असं आप्पांनी खुणेनं विचारलं. त्यानं कागदावर मासा काढून दाखवला.

आप्पा लिंगायत, गळ्यात इष्टलिंग; घराण्यात कुणी अंड्यालाही शिवलेलं नाही. त्यांनी कागदाची घडी करून खिशात ठेवली आणि वाटी तोंडाला लावली. मी बघतच राहिलो. "त्यो आपली भाकरी खातोय," ते मला म्हणाले, "मग त्याची वाटी माघारी कावून लावायची?"

हा प्रसंग मी बाजारात, चहाच्या टपरीवर, रंगवून सांगितला. लोक हसले तसा मला आणखी चेव आला. पंधरा दिवसांनी पुतण्याच्या लग्नात आप्पांच्या भावानं त्यांचं पान पंगतीबाहेर, गोठ्यापाशी मांडलं. आप्पा न जेवताच परतले. कुणी सांगितलं याची त्यांनी चौकशी केली नाही. फक्त माझ्याकडे बघून म्हणाले, "सांगणाऱ्यानं चव बी सांगायची व्हती. लई चांगली व्हती." कबूल करायची हिंमत झाली नाही, त्याची लाज आजही वाटते.

पुढे ते पाहुण्याला वाढून आत जात आणि एकटेच जेवत. इंजिनिअरच्या ते ध्यानात आलं असावं. जाताना त्यानं आप्पांना चित्रांचं एक जाड पुस्तक दिलं. परक्या जगात जाऊन पडलेला एक आचारी आणि तिथले शिंगांचे, शेपट्यांचे लोक. अक्षरं जपानी, कळायचा प्रश्नच नव्हता. आप्पा चित्रांवरून गोष्ट सांगत. आधी सगळे एका पंगतीत. मग एकेक जण उठतो, तलवारी निघतात, आणि शेवटी आचारी रानात एकटा. "बघा, तिकडं बी असंच हाय," म्हणत ते पुस्तक मिटत.

आप्पा गेले तेव्हा ते पुस्तक त्यांनी माझ्यासाठी ठेवलेलं निघालं. परवा पुण्याहून आलेल्या माझ्या मुलीला मी ते उघडून आप्पांसारखीच गोष्ट सांगू लागलो, तशी ती हसली. "बाबा, ही जपानी चित्रकथांची पुस्तकं उजवीकडून वाचतात. तुम्ही शेवटापासून सुरू केलंत."

तिनं पुस्तक फिरवलं. रानात एकटा आचारी. मग तलवारी. मग एक शिंगवाला बिचकत त्याच्यासमोर बसतो, त्याच्यामागून दुसरा. शेवटच्या पानावर सगळे एका पंगतीत. त्या पानाच्या कडा हळदीच्या बोटांनी पिवळ्या झालेल्या होत्या.

गोष्ट कशी संपते हे आप्पांना कळलंच नाही. त्यांना ती उलटीच खरी वाटावी, अशी वेळ मी त्यांच्यावर आणली होती.